शेवटच्या रिळातली पाठ

१

सहावा डबा रिकामा होता. उवे क्राइडलरने तो उलटा केला, टेबलावर आपटला, पुन्हा आत डोकावून पाहिलं. सहा डब्यांत मिळून एक सिनेमा होता आणि नेमका त्याचा शेवट नाहीसा झाला होता. कॉफीला बसण्यापूर्वी रीळ डब्यात होतं, असं उवे शपथेवर सांगत होता. पोळपाटापेक्षा मोठं, चांगलं जड असं हे प्रकरण खिशात घालून नेण्यासारखं नव्हतं.

नोव्हेंबर २००३. बाड हॉम्बुर्गच्या एका गल्लीतलं जुनं थिएटर, बाहेर टाउनुसच्या डोंगरावरून उतरलेलं धुकं आणि भिंतीवर १९७१ सालच्या ‘राखेतली नवरी’चं पोस्टर. सत्तरच्या आसपास जर्मनीत असे सिनेमे पोत्याने निघायचे. थोडं रक्त, थोडी उघडी पाठ, एक पडका किल्ला आणि एक परदेशी खलनायक एवढ्यावर त्यांचं भागायचं. समीक्षक नाकं मुरडायचे आणि लोक तिकिटं काढायचे. उवेसारखे वेडे आता ते गोळा करून पुन्हा दाखवतात.

त्या वेळी इमारतीत आम्ही सहा जण होतो. उवे. सिनेमाचा दिग्दर्शक लोथार वीसनर, वय ऐंशीच्या घरात, चांदीच्या मुठीची काठी. नायिका रेनाटेची मुलगी बिरगिट. सिनेमातला खलनायक, म्हणजे आमचे आत्माराम आठल्ये. मी हरीश, नेकारसुल्मच्या मोटारींच्या कारखान्यातला एक साधा इंजिनियर. आणि माझी बायको कौमुदी.

कौमुदी गेर्लिंगेनला नोकरी करते. मोडून आलेले सुटे भाग का मोडले, हे शोधायचं तिचं काम. हाच उद्योग ती घरीही करते, त्यामुळे फुटलेल्या कपाबद्दल खोटं बोलायची सोय मला राहिलेली नाही. त्या दिवशी तिने रिकाम्या डब्याकडे पाहिलं, मग आमच्या सगळ्यांकडे, आणि म्हणाली, “कुणी बाहेर जाऊ नका, प्लीज.”

दिग्दर्शक महाशय हसले. जुन्या सिनेमाच्या तुकड्यासाठी पोलिसांना बोलावू नका म्हणजे झालं, असं ते म्हणाले. पोलिसांचं नाव तोपर्यंत कुणीच काढलं नव्हतं.

२

आत्मारामकाकांना आम्ही महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीत ओळखायचो. उंच, गाल बसलेले, डोळे मोठे. मोदक मोजकेच खाणारा, कमी बोलणारा म्हातारा. १९६०च्या सुमारास ते मशीन ड्रॉइंग शिकायला श्टुटगार्टला आले आणि कुणा मित्राने त्यांना गर्दीत उभं राहायला स्टुडिओत नेलं. त्यांचा चेहरा लोकांना भीतिदायक वाटला आणि नशीब फिरलं. कधी ते तिबेटी लामा झाले, कधी अरब शेख, कधी चिनी अफूवाला, पण बहुतेक वेळा दुष्ट योगी. दिग्दर्शकांना त्यांच्या जानव्याचं फार अप्रूप होतं. एका सिनेमात तर काकांनी जानव्यानेच माणसाचा गळा आवळला. आवाज प्रत्येक वेळी दुसऱ्याचा, कारण डबिंगमध्ये त्यांचं जर्मन काढून टाकायचे. ऐंशीपर्यंत हा धंदा बुडाला आणि काका ड्रॉइंग बोर्डावर परतले.

हे सारं आम्हाला महिन्यापूर्वीच कळलं. बिरगिटने त्यांना फोन करून बोलावलं म्हणून, नाहीतर काकांनी तोंड उघडलंच नसतं.

बिरगिट आता चाळिशीला टेकली होती. सिनेमाचं शूटिंग संपलं आणि तिची आई कुणा इटालियन माणसाबरोबर रोमला निघून गेली म्हणे, सात वर्षांच्या मुलीला मागे टाकून. परत पत्र नाही, फोन नाही. मावशीकडे वाढलेल्या बिरगिटला एकच प्रश्न होता, आणि तो विचारायलाच तिने उवेला हा खेळ ठेवायला लावला होता. आईने जाताना तिचं नाव तरी काढलं होतं का? त्या शूटिंगवरची माणसं आता फार उरली नव्हती.

कॉफी आणि आलुबुखाराचा केक घेत सगळे बसले होते. काका बिरगिटकडे बघत नव्हते. मी आपला शांतता भरून काढायला विचारलं, घरच्यांना तुमचे सिनेमे आवडायचे का? काका म्हणाले, आईवडील दोघंही ऐंशी सालानंतर गेले, पण त्यांनी एकही पाहिला नाही. “आणि मी तरी कुठे पाहिलाय? नुसतं काम करून यायचो. बरं झालं, आता कुठे मिळतही नाहीत. ही एकच प्रत उरली असेल.”

तेव्हा मी माझी आनंदाची बातमी फोडली. काकांना सरप्राइज म्हणून फ्रांकफुर्टच्या मंडळातली वीसेक मराठी माणसं खेळाला येणार होती, त्यात मंडळाची पूजा सांगणारे दाते गुरुजीही होते. काकांनी कप खाली ठेवला. ते म्हणाले, छान केलंस. मग थंडी वाजते म्हणून गाडीतला मफलर आणायला त्यांनी माझ्याकडे किल्ली मागितली.

३

कौमुदीने एकेकाला ऑफिसात बसवून विचारलं. मी दारात उभा होतो, कारण मला कुणी जा म्हटलं नाही.

उवेचं म्हणणं सरळ होतं. ती प्रत वर्षभर त्याच्या तळघरात पडून होती आणि वीसनर तिथे तीनदा येऊन गेला होता. चोरायचीच होती तर तिथे सोपं होतं. शिवाय वीसनरने हक्क विकले, सिनेमा टीव्हीवर लागून गेलाय, त्याची कॅसेट प्रत्येक शौकिनाच्या घरी आहे. एक रीळ पळवून कुणाला काय मिळणार, हेच त्याला समजेना.

वीसनर मात्र फार गोड बोलला. रेनाटेवर त्याचा किती जीव होता, ती कशी चंचल होती, वगैरे. शेवटचा सीन तिने शेवटच्या दिवशी दिला, बॅग उचलली आणि गेली. “शंका असेल तर सिनेमाच बघा. ती त्यात उभी आहे,” तो म्हणाला. हे बोलताना त्याने काठीच्या मुठीवरून अंगठा फिरवला.

बिरगिट रडली नाही. तिच्या पर्समध्ये ती कॅसेट होती. लहानपणापासून ती त्यातला शेवटचा सीन बघत आली होती, कारण आईचं शेवटचं दर्शन तेच. “खूप वेळा बघितलाय. तिला जाताना माहीत होतं का, ते तिच्या उभं राहण्यावरून कळेल असं वाटायचं,” ती म्हणाली.

आत्मारामकाकांनी फक्त मान हलवली. आपण काही पाहिलं नाही, काही ऐकलं नाही. कौमुदीने त्यांना पाणी दिलं. ते पीत असताना ती त्यांच्या गळ्याकडे बघत होती आणि मीही बघितलं, पण मला तिथे काहीच दिसलं नाही.

४

ऑफिसात जुना टीव्ही आणि व्हिडिओ होता. कौमुदीने काकांना आणि वीसनरला उवेबरोबर बाहेर बसवलं आणि बिरगिटची कॅसेट लावली.

चित्र पावसात भिजल्यासारखं होतं, तरी दिसत होतं. किल्ल्यातलं दालन, मेणबत्त्या, टेबलावर विषाची बाटली. पांढऱ्या पोशाखातली नवरी आपल्याकडे पाठ करून उभी. तिच्या समोर उघड्या अंगाने बसलेला योगी, पस्तिशीतले आत्मारामकाका. त्यांनी तांब्यातून उजव्या हातावर पाणी घेतलं आणि हात कलता करून अंगठा आणि तर्जनी यांच्यामधून ते ताटात सोडलं. पुन्हा घेतलं, पुन्हा सोडलं. ओठ हलत होते आणि त्यावर कुणा जर्मन माणसाने घोगऱ्या आवाजात शाप भरले होते.

“परत लाव,” कौमुदी म्हणाली.

मी परत लावलं. तिने पडद्यावर बोट ठेवलं. काकांचं जानवं उजव्या खांद्यावर होतं.

मी हुशारी दाखवली. फिल्म उलटी बसवली की उजव्याचं डावं होतं, तसं झालं असणार. तिने विषाच्या बाटलीकडे बोट नेलं. तिच्यावरची अक्षरं सरळ वाचता येत होती. मग तिने मागे जाऊन पहिल्या भागातले काका शोधून काढले. तिथे जानवं नेहमीसारखं डाव्या खांद्यावर होतं.

माझीही मुंज झालेली आहे. माझं जानवं हल्ली पुण्याच्या घरी खिळ्याला असतं, तरी एवढं मला समजायला हवं होतं. पितृपक्षात वडिलांना बघितलेलं कुठलंही मराठी मूल हे ओळखेल. जानवं उजव्या खांद्यावर घेऊन अंगठ्याच्या मुळाशी पाणी सोडतात ते एकाच कामासाठी. ते तर्पण होतं, मेलेल्या माणसाला दिलेलं पाणी.

कौमुदीने बिरगिटला जर्मनमध्ये एकच विचारलं. या शेवटच्या रिळात आईचा चेहरा कुठे दिसतो का? बिरगिटचा हात टीव्हीच्या काचेवर होता, त्या पांढऱ्या पाठीवर.

“नाही,” ती म्हणाली. “कुठेच नाही.”

५

आम्ही थिएटरच्या मागे गाडीपाशी आलो. धुकं इतकं दाट झालं होतं की रस्त्यावरचा दिवा नुसता पिवळा डाग दिसत होता.

“रीळ काकांनी घेतलंय,” कौमुदी म्हणाली. मी म्हटलं, शक्य नाही, उगाच म्हाताऱ्यावर आळ घेऊ नकोस. तिने माझ्यासाठी सावकाश उलगडून सांगितलं, जशी ती कंपनीतल्या मॅनेजर लोकांना सांगत असेल.

“हे बघ, वर्षभर रीळ होतं तिथे होतं. आजच का गेलं? आज दुपारी एकच गोष्ट बदलली. तू सांगितलंस की वीस मराठी माणसं येणार आणि वर एक गुरुजी. जर्मन लोकांना तो सीन म्हणजे नुसती जादूटोण्याची गंमत. आपल्या माणसांना मात्र एका नजरेत कळलं असतं. शिवाय चोराला कॅसेट आहे हे ठाऊक नव्हतं. उवेला ठाऊक, बिरगिटला ठाऊक, वीसनरने तर टीव्हीचे हक्क विकलेत. एकच माणूस म्हणाला की ही शेवटची प्रत.”

मी म्हटलं, पण वीसनर?

“त्याला ते रीळ हवंच आहे. रेनाटे शेवटच्या दिवशी जिवंत होती, याचा त्याच्याकडे तेवढाच पुरावा. तो कशाला पळवेल?”

“अगं, पण सिनेमातच तर आहे. दिग्दर्शक म्हणाला असेल, काहीतरी इंडियन करून दाखव.”

“गेनाऊ, अगदी बरोबर. म्हणालाच असणार. मग काकांनी आरती ओवाळली असती, सूर्याला अर्घ्य दिलं असतं. हरीश, हा सीन केला त्या ७१ साली त्यांचे आईवडील दोघंही जिवंत होते. वडील असताना कुणी असं तर्पण करतं? नाटकातसुद्धा नाही करणार, हात धजणार नाही. त्यांनी ते कुणासाठी तरी खरंच केलं. कॅमेऱ्यासमोर, सगळ्यांच्या देखत, कारण दुसरीकडे करायची सोयच नव्हती.”

मला मघाचा त्यांचा गळा आठवला. मफलर आणायला म्हणून काका गाडीकडे आले होते आणि परत आले ते उघड्या गळ्यानेच. मी डिकी उघडली. आमच्या पिकनिकच्या सतरंजीखाली ते जड रीळ होतं, मफलरमध्ये नीट गुंडाळलेलं.

मागे पावलं वाजली. आत्मारामकाका धुक्यातून आले आणि डिकीपाशी उभे राहिले.

६

त्यांनी काही नाकारलं नाही. कौमुदीने त्यांना गाडीत बसवलं, हीटर लावला. इतक्या वर्षांत ही गोष्ट मराठीत कुणाला सांगायची वेळ आली नव्हती, आणि ती सांगताना ते मधूनमधून शब्द शोधत होते.

किल्ल्यामागे डोंगरात पाटीच्या दगडाची जुनी खाण होती, तिच्यात पाणी साठलेलं. योगी नवरीला पाण्यात ढकलतो असा सीन होता. मार्च महिना. वीसनर, कॅमेरामन, रेनाटे आणि काका, एवढेच चौघं पहाटे तिथे गेले. नवरीचा पोशाख मखमलीचा, पायघोळ. रेनाटेने विचारलं, पाणी किती खोल आहे? वीसनर म्हणाला, कमरेएवढं.

“मी ढकललं,” काका म्हणाले. “मला तेच काम होतं. ती वर आली नाही. आम्हाला वाटलं, अभिनय करते आहे.”

बाहेर काढलं तेव्हा ती गेली होती. वीसनरने विचार करायला फार वेळ घेतला नाही. शूटिंग बंद पडलं तर तो बुडणार होता. त्याने पोशाखात दगड भरले आणि कॅमेरामनच्या मदतीने तिला पुन्हा पाण्यात सोडलं. कंदील काकांनी धरला होता. मग वीसनरने त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. तुझी आउफएन्टहाल्ट, इथे राहायची परवानगी, माझ्या कामावर अवलंबून आहे, म्हणाला, आणि तुझे हात तिला ढकलताना कॅमेऱ्यात आहेत. पोलीस कुणाचं ऐकतील?

शेवटच्या सीनला कपडेपटातल्या एका बाईला विग आणि तसाच दुसरा पोशाख घालून उभं केलं. रेनाटे आजारी आहे असं तिला सांगितलं. रोमच्या इटालियन माणसाची आवई नंतर वीसनरनेच उठवली. तर सीनच्या आधी दिग्दर्शक काकांकडे वळून म्हणाला, पाण्याचं काहीतरी कर, तुमच्याकडचं.

“मला दुसरं काही सुचलंच नाही,” काका म्हणाले. “वडील होते, करू नये हे ठाऊक होतं. पण तिचं कोण करणार होतं? मुलीला तर आई गेल्याचंही माहीत नव्हतं. तिला मी सेटवर खांद्यावर घेऊन फिरवायचो.”

कौमुदीने विचारलं, “रीळ जाळणार होतात?”

“छे. ते कसं जाळू? तिचं तेवढंच झालंय.” ते रडू लागले, आवाज न करता. “नुसतं लपवणार होतो. आपल्या माणसांनी तोंडावर विचारलं असतं, आठल्ये, हे कुणाचं करताय? मला खोटं बोलता आलं नसतं.”

मला त्यांची कीवही आली आणि संतापही आला. कौमुदी बोलली तेव्हा तिच्या आवाजात मऊपणा नव्हता. “काका, ती मुलगी आत बसली आहे. आईने टाकलं असं समजून म्हातारी होत चालली आहे. आता आत जाऊन तुम्ही सांगायचं. मी सांगणार नाही.”

ते उतरले. दारापर्यंत मी त्यांचा हात धरला. पुढे त्यांनी तो सोडवून घेतला आणि बिरगिटच्या समोर जाऊन उभे राहिले. त्यांनी जर्मनमध्ये सगळं सांगितलं, खाण, पोशाख, दगड, कंदील, स्वतःचे हात. डबिंगवाल्यांनी काढून टाकलेलं त्यांचं अडखळतं जर्मन त्या खोलीत प्रत्येकाला स्पष्ट कळत होतं.

वीसनर उठला. म्हातारा भ्रमिष्ट झालाय, म्हणाला. रेनाटे त्या शेवटच्या सीनमध्ये उभी आहे, सगळ्या जर्मनीने पाहिलंय.

“मग तिचा चेहरा दाखवा,” कौमुदी म्हणाली.

तो काठी टेकत दाराकडे वळला. उवेने दाराला आतून कडी घातली आणि फोन उचलला.

७

खेळ झाला नाही. मंडळाची माणसं धुक्यातून आली आणि थिएटरसमोर पोलिसांची गाडी बघून, मला चार प्रश्न विचारून परत गेली.

पुढच्या आठवड्यात पाणबुडे खाणीत उतरले. बिरगिटने आम्हाला बोलावलं होतं आणि जागा नेमकी दाखवायला काकांना पोलिसांनी आणलं होतं. वीसनर वकिलाकरवी अपघात, अपघात म्हणत राहिला. इतक्या वर्षांनी कायदा त्याचं फारसं काही करू शकणार नाही, असं उवे मला हळूच म्हणाला. आजूबाजूला ओली झाडं, खाली काळं पाणी, आणि कुणालाही मोठ्याने बोलवत नव्हतं.

दुपारी त्यांना ती सापडली. हाडं आणि मखमलीचा एक तुकडा, आणि दगड. वर आणलेल्या ताडपत्रीकडे बिरगिटने नीट, शेवटपर्यंत पाहिलं. मग ती चालत काकांपाशी आली. कौमुदी आणि मी बाजूलाच होतो, म्हणून ऐकलं.

“मी तिचे फोटो जाळले,” ती म्हणाली. “लग्नात तिचं नाव घेऊ दिलं नाही. माझ्या मुलीला सांगितलं, तुझी आजी वाईट बाई होती. बत्तीस वर्षं मी तिच्यावर रागावले आणि ती इथे होती, घरापासून अर्ध्या तासावर. हा राग आता मी कुठे ठेवू?”

काकांची मान खाली होती. “माझ्यावर ठेवा,” ते म्हणाले.

बिरगिटने नकारार्थी मान हलवली.

“तुमच्यावरचा वेगळा आहे,” ती म्हणाली, आणि एकटीच आईकडे गेली.